आधी तलावात उतरा

भोपाळपासून सर्वांत जवळचा समुद्र म्हणजे खंबातचे आखात, आणि तेही सुमारे पाचशे किलोमीटर दूर. शहर समुद्रसपाटीपासून पाचशे मीटर उंचीवर. तरीही आपल्या समुद्रांवर अहोरात्र नजर ठेवणारे उपग्रह सांभाळण्याच्या कामात या शहराचा थेट वाटा आहे. इस्रोच्या मास्टर कंट्रोल फॅसिलिटीचे मूळ केंद्र कर्नाटकात हासनला आणि दुसरे, २००५ पासून, भोपाळला. देशाचे भूस्थिर उपग्रह या दोन केंद्रांच्या हाती असतात. इन्सॅट-३डीआर आणि २०२४ मध्ये गेलेला इन्सॅट-३डीएस त्यांतलेच. हे उपग्रह दर अर्ध्या तासाला अरबी समुद्र आणि बंगालच्या उपसागराचे चित्र पाठवतात. समुद्राच्या पृष्ठभागाचे तापमान त्यांतून काढले जाते, चक्रीवादळाचा डोळा त्यांत दिसतो.

आपले बहुतेक वाचक जमिनीवरची माणसे आहेत. कोणी नागपूरला सोयाबीन आणि कपाशीचे क्षेत्र मोजतो, कोणी भोपाळच्या मॅपकॉस्टमध्ये वनांचे आणि पाणलोटांचे नकाशे करतो, कोणी पुण्यात विद्यार्थ्यांना वर्गीकरण शिकवतो. समुद्र हा अहमदाबादच्या स्पेस ॲप्लिकेशन्स सेंटरचा, हैदराबादच्या इन्कॉइसचा किंवा गोव्यातल्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेचा विषय, अशी आपण मनाशी वाटणी करून टाकली आहे. ती मोडावी असे आम्हाला फार दिवसांपासून वाटते. समुद्राचे सुदूर संवेदन आज जिथे अडले आहे, ती अडचण भोपाळच्या मोठ्या तलावाच्या काठावर जशीच्या तशी भेटते. ती सोडवण्याचा सराव करायला किनाऱ्यावर जावे लागत नाही.

मागचा प्रवास थोडक्यात आठवू. अमेरिकेचा सीसॅट १९७८ मध्ये गेला आणि जेमतेम साडेतीन महिने चालला. तेवढ्यात त्याने रडारने लाटा, वारा आणि पाण्याची पातळी मोजता येते हे सिद्ध केले. पुढच्याच वर्षी, जून १९७९ मध्ये, भारताचा भास्कर-१ सूक्ष्मतरंग रेडिओमीटर घेऊन गेला आणि समुद्रावरचे बाष्प मोजू लागला. खास समुद्रासाठीचा आपला पहिला उपग्रह ओशनसॅट-१. तो २६ मे १९९९ रोजी पीएसएलव्हीने गेला. त्यानंतर २००९ मध्ये ओशनसॅट-२, २०१३ मध्ये फ्रान्सच्या साथीने सरल, २०१६ मध्ये स्कॅटसॅट-१ आणि नोव्हेंबर २०२२ मध्ये ओशनसॅट-३. पहिल्या ओशनसॅटच्या रंगमापकाला आठ बँड होते, आताच्या रंगमापकाला तेरा आहेत. वरची यंत्रे सुधारत गेली. खालच्या मोजमापांची कहाणी तेवढी समाधानाची नाही, आणि आमचा मुद्दा तिथूनच सुरू होतो.

समुद्राकडे पाहणाऱ्या संवेदकात जो प्रकाश पोहोचतो, त्यातला नव्वद टक्क्यांच्या आसपास भाग पाण्याला शिवलेलाच नसतो. तो हवेच्या रेणूंनी आणि धूलिकणांनी विखुरलेला, किंवा पृष्ठभागावरून नुसता परावर्तित झालेला असतो. पाण्यात शिरून, तिथल्या शेवाळाशी आणि मातीशी गाठ पडून बाहेर आलेला प्रकाश उरलेल्या थोड्याशा भागात. म्हणजे वातावरणाची वजाबाकी किंचित चुकली तरी हरितद्रव्याचा आकडा पार बदलतो. शेतावर काम करताना ही चूक खपून जाते, कारण पीक उजळ असते. पाणी काळे असते.

ही वजाबाकी करण्याची जुनी युक्ती अशी: निकट-अवरक्त प्रकाश पाणी शोषून घेते, म्हणून त्या बँडमध्ये दिसणारे सगळे हवेचे असे धरायचे आणि त्यावरून निळ्या-हिरव्या बँडमधला हवेचा वाटा काढायचा. खोल, स्वच्छ समुद्रात ही युक्ती उत्तम चालते. पण खंबातच्या आखातात, ठाण्याच्या खाडीत, पावसाळ्यानंतर सावित्री आणि वाशिष्ठीच्या मुखाशी पाण्यात इतका गाळ असतो की निकट-अवरक्तातही पाणी उजळते. मग गणित तो उजेड हवेच्या खात्यात टाकते, निळ्यातून जास्त वजा करते आणि कधी कधी उणे परावर्तन हाती देते. त्यात पुन्हा कुजलेल्या पाल्यापाचोळ्यातून उतरलेला पिवळसर रंग निळा प्रकाश खातो आणि निळ्या-हिरव्याच्या गुणोत्तरावर चालणारे सूत्र त्यालाच हरितद्रव्य समजते. कोकणातली मासेमारी ज्या पट्ट्यात एकवटली आहे, तिथेच आपले नकाशे सर्वांत कच्चे असतात ते यामुळे.

आता मोठ्या तलावाकडे या. राजा भोजाच्या नावाने ओळखला जाणारा हा अकराव्या शतकातला जलाशय २००२ पासून रामसर स्थळ आहे, आणि शहराच्या मोठ्या भागाला पाणी पुरवतो. पावसाळ्यात कोलांस नदी पश्चिमेकडून माती घेऊन येते. पूर्वेला शहराचे सांडपाणी. काठाशी शिंगाड्याची लागवड, आणि तिची तरंगती पाने निकट-अवरक्तात झळाळतात, म्हणून साध्या सूत्राला तिथे शेवाळाचा बहर दिसतो. गाळ, शेवाळ, पिवळसर विरघळ आणि शेजारच्या उजळ जमिनीचा पाण्यावर सांडणारा प्रकाश: किनारी पाण्याचे चारही प्रश्न एका होडीच्या फेरीत. ओशनसॅटच्या ३६० मीटरच्या पिक्सेलने पाहिले तर या तलावात दोन-तीनशे पिक्सेल बसतात, आणि काठचे सगळे भेसळीचे. सेंटिनेल-२ मात्र दहा ते वीस मीटरवर पाहतो, दर पाच दिवसांनी येतो, आणि त्याच्याकडे ७०५ नॅनोमीटरचा तांबड्याच्या कडेचा बँड आहे. गढूळ पाण्यात निळ्यावर विसंबण्यापेक्षा ६६५ आणि ७०५ यांची तुलना अधिक भरवशाची ठरते. दूरच्या लघु-अवरक्त बँडमध्ये गढूळ पाणीही बहुतांशी काळे राहते, म्हणून वातावरणाची वजाबाकी तिथून करून पाहता येते. हे सगळे भोपाळच्या कोणत्याही प्रयोगशाळेत बसून होईल.

बसून न होणारा भाग पाण्यावरचा आहे, आणि तोच आपण टाळतो. उपग्रह सकाळी साडेदहाच्या सुमारास वरून जातो. मोजमाप त्याच्या दोन-तीन तास अलीकडे-पलीकडे झाले पाहिजे. वल्ह्याची होडी बरी, यंत्राची होडी तळ ढवळते. सेक्की तबकडी सोडा आणि ती दिसेनाशी होते ती खोली लिहा. पाणी काचतंतूच्या गाळणीतून गाळा, गाळणी अंधारात आणि थंडीत ठेवा, हरितद्रव्य ॲसिटोनमध्ये उतरवून मोजा. हाती वर्णपटमापी असेल तर तो सरळ खाली रोखू नका. उभ्या रेषेपासून चाळीस अंश आणि सूर्याच्या दिशेपासून एकशे पस्तीस अंश बाजूला धरला की चकाकी आणि होडीची सावली दोन्ही टळतात. आकाशाचे आणि पांढऱ्या फलकाचे माप त्याच वेळी घ्या. यातले काहीच अवघड नाही. कंटाळवाणे आहे, आणि वर्षभर करावे लागते: पाऊस ओसरल्यावर, थंडीत, आणि उन्हाळ्यात पाणी उतरल्यावर.

पाण्यात हात घातल्याशिवाय रंगाचा अर्थ लागत नाही, याचे आपल्याकडचे लख्ख उदाहरण लोणारचे आहे. जून २०२० मध्ये सरोवर गुलाबी झाले. लँडसॅटच्या चित्रांत मे अखेरचा हिरवा आणि जूनमधला गुलाबी असा फरक स्पष्ट दिसला. शेवाळामुळे झाले असावे असा तर्क लगेच सुरू झाला. पुण्याच्या आघारकर संशोधन संस्थेने पाण्याचे नमुने तपासले, तेव्हा तो रंग खारट पाण्यात वाढणाऱ्या मीठप्रेमी सूक्ष्मजीवांचा निघाला. उपग्रहाने रंग कधी बदलला ते सांगितले. कशाने बदलला ते बाटलीतल्या पाण्याने.

अरबी समुद्रात हाच प्रश्न पोटापाण्याचा होतो. या शतकाच्या सुरुवातीपासून उत्तरेच्या भागात हिवाळ्यात नॉक्टिल्युका या हिरव्या जीवाचे प्रचंड बहर येऊ लागले आहेत; पूर्वी त्या ऋतूत डायटमांचे राज्य असे. हरितद्रव्याच्या नकाशावर दोन्ही हिरवेगारच. पण डायटमांवर पोसलेली अन्नसाखळी माशांपर्यंत पोहोचते, तर नॉक्टिल्युकावर मुख्यतः साल्प आणि जेलीसारखे जीव जगतात. इन्कॉइसकडून निघणारे संभाव्य मासेमारी क्षेत्राचे संदेश तापमानाच्या आणि हरितद्रव्याच्या सीमारेषा पाहून तयार होतात, आणि रत्नागिरी-मालवणच्या बंदरांवर मराठीतही पोहोचतात: कोणत्या केंद्रापासून कोणत्या दिशेला, किती अंतरावर, किती खोलीवर. त्या संदेशावर डिझेल जाळणाऱ्या नाखव्याला हिरवा कोणाचा आहे हे कळण्याचा हक्क आहे. वर्णपटावरून जीव ओळखण्याची सूत्रे बनवायला तेरा बँड उपयोगी पडतील, पण सूत्र तपासायला पाणीच लागेल.

आणखी एक गोष्ट ठासून सांगायची आहे, ती ढगांची. जून ते सप्टेंबर पश्चिम किनाऱ्यावरचा समुद्र रंगमापकाला जवळपास दिसतच नाही. नेमके त्याच महिन्यांत केरळ ते गोवा पट्ट्यात खालचे थंड, पोषक पाणी वर येते आणि समुद्र सर्वाधिक सुपीक असतो. सूक्ष्मतरंग ढगांच्या पार पाहतात, वारा, तापमान आणि पातळी देतात. पाण्याचा रंग देत नाहीत. मग महिन्याचे सरासरी चित्र चार-दोन उघड्या दिवसांवर उभे राहते आणि पोकळ जागा संगणक शेजारच्या आकड्यांनी भरून काढतो. असे नकाशे आपल्याकडे बैठकांमध्ये फिरतात आणि त्यांवर निर्णय होतात. प्रत्येक पिक्सेल किती दिवसांच्या निरीक्षणावर उभा आहे, हे नकाशासोबत दिलेच पाहिजे. जिथे पाहिलेले नाही तिथे पांढरे राहू द्या. पांढऱ्या जागांचा नकाशा वरिष्ठांना आवडत नाही हे आम्ही जाणतो, तरीही द्या.

शिक्षकांना एक सूचना. एम.एस्सी.च्या प्रकल्पांत दरवर्षी त्याच सेंटिनेल चित्रांवर तेच निर्देशांक काढले जातात. त्याऐवजी एका तुकडीने मोठ्या तलावाचे, दुसरीने उजनीचे, तिसरीने जायकवाडीचे पाणी एक वर्ष मोजावे आणि आकडे पुढच्या तुकडीच्या हाती सोपवावेत. पाच वर्षांत जो संच तयार होईल, तो ओशनसॅटच्या किनारी सूत्रांची परीक्षा घ्यायला उपयोगी पडेल.

पुढच्या अंकापासून आम्ही अशा मोजमापांसाठी दोन पाने राखून ठेवत आहोत. तारीख, घड्याळाची वेळ, अक्षांश-रेखांश, वारा, आकाशाची स्थिती, उपकरण आणि त्याच्या शेवटच्या कॅलिब्रेशनची तारीख, एवढे सोबत हवे. उपग्रहाच्या आकड्याशी तुमचा आकडा जुळला नसेल, तर तो आधी पाठवा.