बदलीचा आदेश आणि हेतूची शुद्धता

शासकीय सेवेत बदली अटळ आहे. एकाच जागी वर्षानुवर्षे राहिलेला अधिकारी हितसंबंधांच्या जाळ्यात गुंततो, हे आपल्या पूर्वजांनी केव्हाच ओळखले होते. गडाच्या हवालदाराची तीन वर्षांनी बदली करावी, हा दंडक रामचंद्रपंत अमात्यांच्या ‘आज्ञापत्रा’त आढळतो. महाराष्ट्र शासनाने बदल्यांचे नियमन करणारा २००५ चा कायदा १ जुलै २००६ पासून अमलात आणला, तेव्हा त्यातही सर्वसाधारण कार्यकाळ तीन वर्षांचाच ठरला.

कायदा पुरेसा स्पष्ट आहे. बदल्या सामान्यतः वर्षातून एकदाच, एप्रिल वा मे महिन्यात व्हाव्यात. मुदतीपूर्वी बदली करायची झाल्यास कारणे लेखी नोंदवावीत आणि वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी. तरीही छत्रपती संभाजीनगर येथील महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या खंडपीठापुढे मराठवाड्यातील कर्मचाऱ्यांना बदलीविरुद्ध दाद मागावी लागते. तेथे समाधान न झाल्यास १९८१ पासून याच शहरात असलेल्या उच्च न्यायालयाच्या खंडपीठाची पायरी चढावी लागते. कारण, ‘प्रशासकीय निकड’ एवढे दोन शब्द लिहिले की कायद्याची पूर्तता झाली, अशी समजूत कार्यालयांत रुजली आहे.

न्यायालये बदलीत सहसा हस्तक्षेप करीत नाहीत आणि ते योग्यच आहे. दुष्ट हेतू सिद्ध करण्याचे ओझे आरोप करणाऱ्यावर असते आणि ते जड असते, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७४ मध्ये रोयप्पा खटल्यात स्पष्ट केले. मात्र २००८ मध्ये त्याच न्यायालयाने भोपाळहून शिलाँगला धाडलेल्या एका केंद्रीय अबकारी अधिकाऱ्याची बदली रद्द केली. निनावी तक्रारीत तथ्य आढळले नव्हते, तरी बदली झाली होती. शिक्षेच्या ऐवजी केलेली बदली कायद्यापुढे टिकत नाही, हा त्या निर्णयाचा आशय होय. २०१३ मध्ये टी. एस. आर. सुब्रमणियन प्रकरणात अधिकाऱ्यांना किमान निश्चित कार्यकाळ मिळावा आणि त्यांनी केवळ तोंडी आदेशांवर काम करू नये, असे बजावले गेले.

त्याच वर्षी, दुष्काळात, बीडचे जिल्हाधिकारी सुनील केंद्रेकर यांच्या बदलीविरुद्ध जनता रस्त्यावर उतरली. परंतु तालुक्याच्या कचेरीतील प्रामाणिक लिपिकासाठी कोण रस्त्यावर उतरणार? त्याला वकिलाची फी भरावी लागते, मुलांची शाळा अर्ध्यावर सोडवावी लागते आणि निकाल लागेपर्यंत त्याच्या जागी दुसरा रुजू झालेला असतो. त्याची ही परवड पाहून शेजारच्या टेबलावरील सहकारी मान खाली घालून सही करायला शिकतो. खरी हानी ही आहे.

याची दुसरी बाजूही विसरता येणार नाही. शहरातील सोय सुटू नये म्हणून दुर्गम तालुक्यातील नियुक्तीला स्थगिती मिळवू पाहणारा कर्मचारीही ‘अन्याया’चेच नाव घेतो. रिकाम्या खुर्चीचा भुर्दंड मात्र तेथील शेतकरी आणि रुग्ण भरतात.

उपाय कठीण नाही. मुदतपूर्व बदलीची नोंदवलेली कारणे आदेशासोबतच कर्मचाऱ्याच्या हाती द्यावीत. शिफारस कोणी केली, तेही धारिकेत राहावे. ज्याचा हेतू स्वच्छ आहे, त्याला कारण लिहिण्याचे भय कशाला?