कचारगडचे निवेदन नेमके कोणाकडे?

(खास प्रतिनिधी)

गोंदिया जिल्ह्याच्या सालेकसा तालुक्यात, छत्तीसगड आणि मध्य प्रदेशच्या सीमा जेथे जवळ येतात, तेथे कचारगडचा डोंगर आहे. डोंगराच्या पोटातील विशाल नैसर्गिक गुहा हे गोंड समाजाचे आद्य श्रद्धास्थान. पारी कुपार लिंगोने कली कंकालीच्या बंदिस्त मुलांना याच गुहेतून मुक्त केले, अशी समाजाची धारणा आहे. दरवर्षी माघ पौर्णिमेला येथे कोया पुनेमची यात्रा भरते. महाराष्ट्राबरोबरच मध्य प्रदेश, छत्तीसगड, तेलंगण, ओडिशा येथून भाविक येतात. दर्रेकसा स्थानकावर उतरून धनेगावच्या वाटेने डोंगराकडे जाणाऱ्यांची रीघ लागते.

यात्रा म्हटली की मंत्री, आमदार, खासदार आले आणि त्यांच्यामागोमाग निवेदनेही आली. रस्ता, पाणी, निवासाची सोय येथपासून जनगणनेत स्वतंत्र धर्माची नोंद आणि गोंडी भाषेला राज्यघटनेच्या आठव्या अनुसूचीत स्थान येथपर्यंत मागण्यांचा पल्ला असतो. व्यासपीठावरील प्रत्येक पाहुणा निवेदन स्वीकारतो आणि 'वरपर्यंत पोहोचवतो' असे सांगतो. हे 'वर' म्हणजे नेमके कोण, हा प्रश्न मात्र सहसा कोणी विचारत नाही. संसदीय प्रजासत्ताकात सरकारचा प्रमुख कोण असतो आणि त्याचे काम काय, याचे उत्तर पाठ्यपुस्तकापेक्षा कचारगडच्या पायथ्याशी अधिक स्पष्टपणे शोधता येते.

आपल्या घटनेने राष्ट्राचा प्रमुख आणि सरकारचा प्रमुख ही दोन पदे वेगळी ठेवली आहेत. केंद्रात राष्ट्रपती आणि पंतप्रधान, राज्यात राज्यपाल आणि मुख्यमंत्री. आदेश राष्ट्रपती-राज्यपालांच्या नावाने निघतात, निर्णय मंत्रिमंडळ घेते. घटना समितीत ४ नोव्हेंबर १९४८ रोजी मसुदा मांडताना डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी हा भेद स्पष्ट केला होता. भारताच्या राष्ट्रपतीचे स्थान अमेरिकी अध्यक्षाप्रमाणे नसून इंग्लंडच्या राजाप्रमाणे असेल, असे त्यांचे प्रतिपादन होते. सरकारला स्थैर्य अधिक असावे की उत्तरदायित्व, या प्रश्नात मसुद्याने उत्तरदायित्वाला पसंती दिली आहे, हेही त्यांनी त्याच भाषणात सांगितले. सर्वोच्च न्यायालयाने शमशेर सिंग खटल्यात १९७४ मध्ये हीच भूमिका उचलून धरली. १९७६ च्या ४२व्या घटनादुरुस्तीने राष्ट्रपतींवर मंत्रिमंडळाचा सल्ला बंधनकारक असल्याचे थेट लिहिले गेले आणि १९७८ च्या ४४व्या दुरुस्तीने तो सल्ला एकदा फेरविचारासाठी परत पाठविण्याची मुभा दिली.

हे सारे कचारगडला लागू कसे होते? द्रौपदी मुर्मू यांनी २५ जुलै २०२२ रोजी राष्ट्रपतिपदाची शपथ घेतली, तेव्हा देशभरातील आदिवासी समाजाला झालेला आनंद स्वाभाविक होता. आता आपली मागणी थेट राष्ट्रपती भवनातून मान्य होईल, अशी आशाही अनेकांनी बाळगली. परंतु धर्माच्या स्वतंत्र नोंदीचा निर्णय राष्ट्रपती आपल्या अधिकारात घेऊ शकत नाहीत. जनगणना हा केंद्राचा विषय आहे. २०११ च्या जनगणनेत 'इतर धर्म' या सदराखाली गोंडी धर्म लिहिणाऱ्यांची संख्या दहा लाखांहून अधिक, तर सरना लिहिणाऱ्यांची सुमारे ४९ लाख होती. झारखंड विधानसभेने ११ नोव्हेंबर २०२० रोजी सरना धर्मसंहितेचा ठराव एकमताने संमत केला, तोही अखेर दिल्लीकडेच पाठवावा लागला. गोंडीला आठव्या अनुसूचीत घ्यायचे तर घटनादुरुस्ती हवी, म्हणजे संसद हवी. आणि संसदेत असे विधेयक सरकारने मनावर घेतल्याशिवाय पुढे सरकत नाही. या दोन्ही निवेदनांवर खरा पत्ता पंतप्रधानांचा आहे.

राज्याच्या पातळीवर गुंता अधिक आहे, कारण येथे राज्यपालांना काही जादा अधिकार आहेत. पाचव्या अनुसूचीनुसार अनुसूचित क्षेत्रात एखादा कायदा लागू करू नये किंवा फेरफारासह लागू करावा, असे राज्यपाल अधिसूचनेद्वारे ठरवू शकतात. हा अधिकार ते स्वविवेकाने वापरतात की मंत्रिमंडळाच्या सल्ल्याने, याविषयी कायदेपंडितांत मतभेद आहेत. महाराष्ट्रात हा अधिकार प्रत्यक्ष वापरला गेला आहे. वनहक्काचे दावे जिल्हा समितीने फेटाळल्यास विभागीय समितीकडे दाद मागण्याची सोय २०२० मध्ये अशाच अधिसूचनेने झाली. ती अनुसूचित क्षेत्रांपुरती होती.

आणि कचारगड अनुसूचित क्षेत्रात येत नाही! राज्यातील अनुसूचित क्षेत्रे ठरविणारा राष्ट्रपतींचा आदेश १९८५ चा आहे. त्या वेळी गोंदिया हा भंडारा जिल्ह्याचा भाग होता आणि भंडाऱ्याचे नाव त्या आदेशात नाही. १ मे १९९९ रोजी गोंदिया स्वतंत्र जिल्हा झाला, तरी ही स्थिती बदलली नाही. देवरी येथे एकात्मिक आदिवासी विकास प्रकल्पाचे कार्यालय आहे, आमगाव विधानसभा मतदारसंघ अनुसूचित जमातींसाठी राखीव आहे, गोंड समाजाचे सर्वात मोठे तीर्थ येथे आहे. तथापि पेसा कायदा येथे लागू नाही. शेजारच्या गडचिरोली जिल्ह्यातील पेसा गावच्या ग्रामसभेला जे अधिकार आहेत, ते सालेकशातील गावाला नाहीत. २००६ चा वनहक्क कायदा सर्वत्र लागू असल्याने तेवढा आधार आहे, इतकेच.

ही विसंगती दूर करायची तर कोणी करायची? घटनेच्या अक्षरानुसार राष्ट्रपतींनी, राज्यपालांशी विचारविनिमय करून. व्यवहारात प्रस्ताव राज्य मंत्रिमंडळाने तयार करावयाचा, राज्यपालांमार्फत तो केंद्राकडे जावयाचा आणि केंद्रीय मंत्रिमंडळाच्या सल्ल्यावर राष्ट्रपतींची मोहोर उमटावयाची. राजभवन आणि राष्ट्रपती भवन ही दोन्ही नावे कागदावर ठळक असली, तरी कागद हलविणारा हात मुख्यमंत्र्यांचा आहे. मुख्यमंत्र्यांनी विषय मंत्रिमंडळापुढे आणला नाही, तर पुढच्या सर्व पायऱ्या जागच्या जागी राहतात.

मुख्यमंत्रिपदाचे सामर्थ्य नेमके येथे आहे, आणि घटनेत ते फार थोड्या शब्दांत मावले आहे. कलम १६४ नुसार इतर मंत्र्यांची नियुक्ती मुख्यमंत्र्यांच्या सल्ल्याने होते. कलम १६७ नुसार मंत्रिमंडळाचे निर्णय राज्यपालांना कळविणे हे त्यांचे कर्तव्य आहे. खातेवाटप, बैठकीची विषयपत्रिका, कोणत्या खात्याच्या फायलीला गती द्यावयाची हे सारे त्यांच्या हाती असते. आदिवासी सल्लागार परिषदेचेच पाहा. पाचव्या अनुसूचीत ही परिषद राज्यपालांनी सोपविलेल्या विषयांवर सल्ला देण्यासाठी आहे आणि तिची कक्षा राज्यातील सर्व अनुसूचित जमातींच्या कल्याणापर्यंत, म्हणजे गोंदियापर्यंतही पोहोचते. महाराष्ट्रात या परिषदेचे अध्यक्ष मात्र मुख्यमंत्रीच असतात. राज्यपालांना स्वतंत्र सल्ला मिळावा म्हणून निर्माण केलेली संस्था सरकारच्या प्रमुखाच्या अध्यक्षतेखाली चालावी, हे प्रस्तुत प्रतिनिधीला विचित्र वाटते. अर्थात याची दुसरी बाजू अशी, की तेथे घेतलेल्या निर्णयाची अंमलबजावणी टाळण्यास मुख्यमंत्र्यांना सबब उरत नाही.

कचारगडच्या पलीकडच्या उताराकडे पाहिले तर आणखी एक फरक जाणवतो. मध्य प्रदेश आणि छत्तीसगडमध्ये आदिवासी कल्याणासाठी मंत्री असलाच पाहिजे, असे कलम १६४ मध्येच नमूद आहे. झारखंड आणि ओडिशालाही ते बंधन आहे. महाराष्ट्राचे नाव त्या यादीत नाही. आपल्याकडे आदिवासी विकास खाते आहे, सुकथनकर समितीच्या शिफारशीनंतर लोकसंख्येच्या प्रमाणात निधी राखण्याचे सूत्रही १९९० च्या दशकात स्वीकारले गेले. परंतु खाते कोणाला द्यावयाचे आणि त्याला किती वजन राहू द्यावयाचे, हे मुख्यमंत्र्यांच्या मर्जीवर आहे. २८८ आमदारांच्या सभागृहात अनुसूचित जमातींसाठी २५ जागा राखीव आहेत. या २५ जणांनी पक्षभेद विसरून एकत्र प्रश्न विचारला, तर ही मर्जी फार काळ टिकू नये. तसे क्वचितच घडते, ही गोष्ट वेगळी.

कारण सरकारच्या प्रमुखाची खरी लगाम सभागृहाच्या हाती असते. अलीकडच्या वर्षांत आपण हे फार कटू रीतीने शिकलो. उद्धव ठाकरे यांनी २८ नोव्हेंबर २०१९ रोजी शपथ घेतली तेव्हा ते कोणत्याही सभागृहाचे सदस्य नव्हते. सहा महिन्यांची घटनात्मक मुदत संपण्यापूर्वी, मे २०२० मध्ये ते विधान परिषदेवर गेले. राज्यपालनियुक्त बारा सदस्यांची त्यांच्या सरकारने पाठविलेली यादी राजभवनात पडून राहिली. २९ जून २०२२ रोजी बहुमत चाचणीला सामोरे न जाताच त्यांनी राजीनामा दिला. ११ मे २०२३ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ती चाचणी घेण्याचा राज्यपालांचा आदेश समर्थनीय नव्हता असे म्हटले, परंतु राजीनामा दिलेला असल्याने ते सरकार परत आणता येणार नाही, असेही सांगितले. मुख्यमंत्र्याची जागा राजभवनात किंवा पक्ष कार्यालयात ठरत नसून विधानसभेच्या पटलावर ठरते, हा त्या निकालाचा गाभा होय.

सत्तेच्या या ओढाताणीत सीमेवरच्या तालुक्याला काय मिळते? विदर्भाच्या समतोल विकासासाठी राज्यपालांवर विशेष जबाबदारी टाकणारी वैधानिक विकास मंडळे १९९४ मध्ये स्थापन झाली. त्यांची मुदत ३० एप्रिल २०२० रोजी संपली. ती पुन्हा स्थापन करण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने सप्टेंबर २०२२ मध्ये घेतला. म्हणजे राज्यपालांच्या विशेष जबाबदारीची सुरुवातही सरकारच्या प्रमुखाच्या इच्छेपासूनच होते.

यात्रेतील संघटनांनी म्हणूनच निवेदनांचे गठ्ठे वेगळे करावेत, असे सुचवावेसे वाटते. धर्मनोंद आणि भाषेचे निवेदन पंतप्रधानांच्या नावे, खासदारामार्फत. जनगणनेसाठी १ मार्च २०२७ ही संदर्भ तारीख जाहीर झालेली असल्याने पहिल्या मागणीला काळाची मर्यादा आहे. रस्ता, निवास, निधी आणि अनुसूचित क्षेत्राचा प्रस्ताव मुख्यमंत्र्यांच्या नावे. त्याची प्रत राज्यपालांना आणि आमगावच्या आमदारांना. आमदारांकडे मागावयाची गोष्ट एकच : नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात तारांकित प्रश्न. त्याचे उत्तर सरकारला सभागृहात द्यावे लागते आणि ते छापून निघते.