प्रेम म्हणजे दोषमुक्तीचा दाखला नव्हे

राम गोपाल वर्मा यांचा ‘सत्या’ हा हिंदी चित्रपट ३ जुलै १९९८ रोजी प्रथम प्रदर्शित झाला आणि जानेवारी २०२५ मध्ये तो पुन्हा एकदा चित्रपटगृहांत झळकला. पहिल्या प्रदर्शनाच्या वेळी ज्यांचा जन्मही झाला नव्हता, अशी मुले-मुली आज त्यातील संवाद तोंडपाठ म्हणून दाखवितात. मुंबईच्या गुन्हेगारी जगतावर निघालेल्या चित्रपटांत ‘सत्या’चे स्थान वरचे आहे, हे मान्य करण्यात मला कमीपणा वाटत नाही. सौरभ शुक्ला आणि अनुराग कश्यप यांचे लेखन, मनोज वाजपेयी यांनी उभा केलेला व राष्ट्रीय पुरस्कार मिळवून गेलेला भिकू म्हात्रे, चाळीतले कोंदट जिणे, गल्लीबोळांतला पाऊस, हे सारे अस्सल आहे. म्हणूनच या चित्रपटाशी भांडण्यासारखे काही आहे. टाकाऊ चित्रपटाशी भांडावे लागत नाही. तो आपोआप विसरला जातो.

‘सत्या’विषयी आजवर दोन पक्षांनी बोलायचे ते बोलून घेतले आहे. पहिला पक्ष संस्कृतिरक्षकांचा. त्यांना शिव्या ऐकू आल्या, रक्त दिसले, आणि असले चित्रपट पाहून तरुण पिढी बिघडते असा निकाल त्यांनी देऊन टाकला. दुसरा पक्ष रसिकांचा. त्यांनी ‘वास्तववाद’ हा एक शब्द उच्चारला आणि पुढील सर्व प्रश्नांतून स्वतःची सुटका करून घेतली. पहिल्या पक्षाला मी विचारीन : पडद्यावरील पिस्तुलाचा आवाज ऐकून आपल्या ओळखीची किती मुले पिस्तुले शोधावयास निघाली? दुसऱ्या पक्षाला विचारीन : या चित्रपटातील कोणता भाग वास्तव आणि कोणता जुन्याच हिंदी चित्रपटाचा गोडवा, हे आपण कधी तपासले काय? माझ्या मते ‘सत्या’तील धोका त्याच्या हिंसेत नाही. तो त्याच्या प्रेमकथेत आहे. आणि नेमक्या त्याच भागाला दोन्ही पक्षांनी निरुपद्रवी म्हणून सोडून दिले आहे.

कथा बहुतेकांना ठाऊक आहे. तरी सूत्र हाती असावे म्हणून थोडक्यात सांगतो. सत्या हा तरुण मुंबईत येतो. त्याच्या पूर्वायुष्याविषयी चित्रपट जवळजवळ मौन पाळतो. त्याला एका बारमध्ये वेटरची नोकरी मिळते. तेथे एक गुंड त्याचा अपमान करतो. पुढे खोट्या आरोपाखाली त्याला तुरुंगात जावे लागते. तुरुंगात भिकू म्हात्रेशी आधी मारामारी आणि मग मैत्री होते. भिकू त्याला सोडवितो, आपल्या टोळीत घेतो आणि चाळीत राहण्यास खोली मिळवून देतो. तेथेच शेजारी विद्या राहते. आजारी वडील, संसाराची ओढाताण, आणि चित्रपटांत गाण्याची संधी मिळावी म्हणून चाललेली तिची धडपड. दोघांचे प्रेम जुळते. सत्याचा खरा धंदा मात्र तिच्यापासून लपवून ठेवलेला असतो.

आता हे प्रेम चित्रपटात कोणते काम करते ते पाहावे. सत्या माणसे मारतो, टोळीच्या धंद्यात आपली बुद्धी चालवितो, पोलीस आयुक्ताचा खून करण्याचा विचार त्याच्याच डोक्यातून निघतो. अशा कृत्यांनंतर प्रेक्षकाच्या मनात त्याच्याविषयी जी किळस उत्पन्न व्हावयास हवी, ती उत्पन्न होण्यापूर्वीच विद्या पडद्यावर येते. गुलजार यांचे शब्द, विशाल भारद्वाज यांचे संगीत, पावसात भिजलेली दोन तरुण माणसे. आणि आपण मनाशी म्हणतो, इतके निर्मळ हसू ज्याच्या ओठी येते, तो मूळचा वाईट कसा असेल? न्यायालयात साक्षीपुरावा लागतो. चित्रपटगृहात एक गाणे पुरते. प्रेम हा जणू दोषमुक्तीचा दाखला ठरतो, आणि त्या दाखल्यावर विद्याची सही तिला न विचारताच घेतलेली असते.

विद्याला गाण्याची संधी मिळते तो प्रसंग आठवावा. तिच्या परस्पर सत्या एका संगीतकाराला धमकावतो आणि काम होते. तिला वाटते, आपल्या कष्टांना अखेर यश आले. चित्रपटगृहात या प्रसंगी हशा पिकतो. मला मात्र तो त्या चित्रपटातील सर्वांत क्रूर प्रसंग वाटतो. एका कष्टाळू मुलीचे यश तिच्या हातून काढून घेऊन त्या जागी बनावट नाणे ठेवले जाते, आणि ती ते खरे समजून जपून ठेवते. ज्या दिवशी तिला सत्य कळेल, त्या दिवशी स्वतःच्या गळ्यावर तरी ती विश्वास कसा ठेवणार? शिवाय ही गंमत कोणत्या काळात केली गेली तेही ध्यानात घ्यावे. १२ ऑगस्ट १९९७ रोजी कॅसेट-व्यवसायातील गुलशन कुमार यांची अंधेरीत देवळाबाहेर गोळ्या घालून हत्या झाली होती. त्यानंतर वर्षही उलटले नव्हते. संगीताच्या धंद्यातील माणसाला पिस्तुलाचा धाक दाखविणे म्हणजे काय, हे त्या वेळच्या मुंबईला सांगावे लागत नव्हते. तोच धाक प्रियकराने दाखविला म्हणताच तो लाडिक हट्ट ठरला!

पुढचा चित्रपटगृहातील प्रसंगही याच मालिकेतला. सत्या आणि विद्या चित्रपट पाहावयास गेलेली असतात. खबर मिळून पोलीस येतात, दारे अडविली जातात. सुटका करून घेण्यासाठी सत्या गोळी झाडतो आणि घाबरलेल्या गर्दीत चेंगराचेंगरी होऊन निरपराध माणसे मरतात. सत्या तिला घेऊन निसटतो. आपला जीव कोठे गुंतलेला असतो? ती दोघे सुटली की नाही, यात. तेथे चिरडल्या गेलेल्यांतही कोणी हातात हात घालून आलेले असतील, कोणाचा नुकता साखरपुडा झालेला असेल. पण त्यांच्या वाट्याला गाणे आलेले नाही. म्हणून अश्रूही येत नाहीत. चित्रपटाच्या अखेरीस दिग्दर्शक पडद्यावर लिहून सांगतो की, सत्यासाठी त्याचे जितके अश्रू आहेत, तितकेच सत्याने मारलेल्यांसाठीही आहेत. हेतू चांगला असेल. परंतु जवळजवळ तीन तास एकाच बाजूला ओतलेले अश्रू शेवटच्या एका ओळीने समान वाटले जात नाहीत.

यावर कोणी म्हणेल, कलाकृतीकडून नीतिपाठाची अपेक्षा कशाला? ती अपेक्षा माझीही नाही. माझी तक्रार कलेच्या अंगानेच आहे. याच चित्रपटात भिकूची बायको प्यारी आहे. नवरा काय करतो हे तिला पुरते ठाऊक आहे. ती भांडते, ओरडते, आणि जाणूनबुजून त्याच्याबरोबर राहते. तिचे राहणे चूक की बरोबर, यावर वाद घालता येईल; परंतु ती निवड तिची आहे. म्हणून प्यारी हाडामांसाची बाई वाटते. विद्याला निवडीची संधीच दिलेली नाही. भिकूच्या घरात वास्तववाद आहे. विद्याच्या उंबरठ्याशी येऊन तो थांबतो.

आधीच्या चित्रपटांनी ही जबाबदारी टाळली नव्हती. यश चोप्रा यांच्या ‘दीवार’मध्ये (१९७५) आईला मुलाच्या ऐश्वर्याचे मूळ कळते आणि ती त्याचे घर सोडून धाकट्या मुलाबरोबर निघून जाते. विधू विनोद चोप्रा यांच्या ‘परिंदा’मध्ये (१९८९) पारोच्या भावाचा खून होतो, आणि ज्याच्यावर तिचे प्रेम आहे त्या करणचा थोरला भाऊ त्याच टोळीतला निघतो. पारो डोळे मिटून घेत नाही. ती करणला दोष देते, दूर लोटते, आणि सारे माहीत असूनच पुढे त्याचा हात धरते. लग्नाच्या रात्री दोघांचा अंत होतो. तो अंत आपल्याला हलवून सोडतो, कारण जाणत्या माणसांनी उचललेल्या जोखमीची ती किंमत असते. ‘परिंदा’तील प्रेमाला डोळे आहेत. ‘सत्या’तील प्रेमाच्या डोळ्यांवर प्रियकराने स्वतः पट्टी बांधली आहे, आणि त्या पट्टीलाच आपण निरागसता म्हणतो.

दुसरा आक्षेप परिस्थितीचा. १८ जानेवारी १९८२ रोजी सुरू झालेल्या गिरणी संपानंतर सुमारे अडीच लाख कामगारांची घरे हादरली. गिरणगावातील बेकार पोरे टोळ्यांच्या हाती लागली. तेव्हा दोष समाजाचा आहे, असे सांगितले जाते. गिरणगावापुरते ते पुष्कळ अंशी खरे आहे आणि तो दोष आपण सर्वांनी पत्करला पाहिजे. महेश मांजरेकर यांच्या ‘वास्तव’मधील (१९९९) रघूला ही सबब काही प्रमाणात लागू पडते. तो चाळीतला मुलगा, पावभाजीची गाडी टाकून पोट भरू पाहणारा. एका भांडणात हातून खून होतो आणि परतीची वाट बुजते. परंतु ‘वास्तव’ येथे थांबत नाही. गळ्यातली सोन्याची जाड साखळी रघू घरी येऊन मिरवितो. त्या सोन्याची झळाळी घरात शिरते तेव्हा घर काय करते, हे तो चित्रपट दाखवितो, आणि शेवटी आईलाच मुलावर गोळी झाडावी लागते इतका हिशेब पुरा करतो. सत्याच्या बाबतीत मात्र परिस्थितीची सबब चालत नाही, कारण चित्रपटकर्त्यांनी त्याला मागची परिस्थितीच ठेवलेली नाही. त्याला मुंबईत येताच काम मिळाले होते. मग त्याच्या बाजूने बोलावयास काय उरले? एकटे प्रेम! म्हणूनच त्या प्रेमावर एवढे ओझे टाकावे लागले.

तिसरा आक्षेप असा की, शेवटी सत्या मरतोच. पापाचे फळ त्याला मिळते. खरे आहे. गणेशविसर्जनाच्या गर्दीत भिकूच्या खुनाचा सूड घेऊन तो जखमी अवस्थेत विद्याच्या दाराशी येतो. ती दार उघडीत नाही. आणि तेथेच पोलिसांची गोळी त्याला लागते. हा प्रसंग उत्कृष्ट आहे, कारण साऱ्या चित्रपटात विद्याने स्वतः घेतलेला पहिला निर्णय म्हणजे ते बंद दार होय. परंतु चित्रपटगृहातील आपली अवस्था त्या क्षणी काय असते? ‘उघड ना, बये!’ असेच आपण मनातून म्हणत असतो. प्रथमच डोळे उघडलेल्या मुलीच्या विरुद्ध, दाराबाहेर उभ्या असलेल्या खुन्याच्या बाजूने आपण उभे राहतो. चित्रपटाने आपल्याला कोठे आणून सोडले, याचा याहून निराळा पुरावा मला नको.

वाचकहो, हा प्रश्न पडद्यापुरता असता तर मी एवढी पाने खर्ची घातली नसती. आपल्या घरांतून वाढणाऱ्या मुलींच्या मनात एक समजूत हळूहळू रुजत आहे : जो मनापासून प्रेम करतो त्याला फार प्रश्न विचारू नयेत, प्रश्न विचारणे म्हणजे अविश्वास. मुलांच्या मनातही तिची जोडीदारीण रुजते : आपण बाहेर काहीही करावे, घरच्या माणसावर माया असली की सारे फिटते. या समजुतीला पिस्तुलाची गरज लागत नाही. खोट्या कागदपत्रांवर जमिनीचे व्यवहार करणारा, व्याजी पैशाने शेजाऱ्याची मान आवळणारा, परदेशी नोकरीच्या नावाने गरिबांना लुबाडणारा माणूसही घरी प्रेमळ नवरा आणि हौशी बाप असू शकतो. त्याची बायको नवी बांगडी हातात घालताना विचारीत नाही. मुले नवी गाडी पाहून विचारीत नाहीत. आणि देणगी स्वीकारताना आपली मंडळे तरी कोठे विचारतात?

ख्रिस्तसभेचा विवाहविषयक विचार या बाबतीत चित्रपटांहून कितीतरी अधिक वास्तववादी आहे. विवाहापूर्वी वधूवरांची नावे सर्वांसमक्ष जाहीर केली जातात आणि कोणास अडथळा ठाऊक असल्यास त्याने तो सांगावा, असे आवाहन करण्यात येते. १९८३ च्या धर्मसंहितेचा १०९८ वा नियम याहून स्पष्ट आहे. दांपत्यजीवनास गंभीर बाध आणू शकेल अशा एखाद्या गुणदोषाबाबत, संमती मिळविण्यासाठी कोणी हेतुपुरस्सर फसवणूक केली, तर अशा फसलेल्या व्यक्तीचा विवाह वैधच ठरत नाही. या नियमामागचा विचार साधा आहे. ज्याला सत्य ठाऊक नाही, त्याचा होकार हा खरा होकार नव्हे. सत्याचे विद्यावर प्रेम होते की नव्हते, यावर रसिकांनी हवा तेवढा वाद घालावा. तिच्या होकाराला अर्थ यावा एवढी माहिती त्याने तिला दिली नाही, ही गोष्ट निर्विवाद आहे.

तेव्हा बंदीची मागणी करणाऱ्यांच्या मोर्चात मी सामील होणार नाही. घरातील जाणत्या मुला-मुलींनी ‘सत्या’ जरूर पाहावा. शक्य तर आईवडिलांनी त्यांच्याबरोबर बसून पाहावा. भिकूच्या अभिनयाची तारीफ झाली, संवाद म्हणून झाले, की मग एकच प्रश्न विचारावा : विद्याने ते दार केव्हा बंद करावयास हवे होते, आणि त्याआधी सत्याला काय विचारावयास हवे होते? ‘तू काय करतोस? हे पैसे कोठून आले?’ एवढे विचारण्याची ताकद मुलीच्या अंगी यावी, आणि ते ऐकून मुलाने न रागावता खरे उत्तर द्यावे, इतके जरी आपल्या घरांतून साधले, तरी पडद्यावरच्या पिस्तुलांची आपल्याला फारशी भीती बाळगावी लागणार नाही.