दाराला पडदा, कॅमेऱ्याला कुलूप नाही

गेल्या महिन्यात शेजारच्या खालांकडे चहाला गेलो होतो. दुबईहून सुट्टीवर आलेला त्यांचा मुलगा कौतुकाने मोबाईल दाखवू लागला, "पाहा चाचा, तिकडे असलो तरी अम्मी दिसतात." दाराला जाड पडदा, आणि कॅमेरा थेट बैठकीच्या खोलीवर. मी पासवर्ड विचारला. तो म्हणाला, "बसवणाऱ्याने दिला तोच आहे." म्हणजे कंपनीचा, माहितीपुस्तिकेत छापलेला!

'हॅकर फार हुशार असतात' असे म्हणून आपण हात झटकतो. हुशारी कसली? २०१६ साली 'मिराई'ने जगभरचे लाखो कॅमेरे आणि डीव्हीआर ताब्यात घेतले, ते कंपन्यांच्या साठेक ठरावीक पासवर्डांची यादी लावून. फेब्रुवारी २०२५मध्ये राजकोटच्या एका प्रसूती रुग्णालयातील स्त्रियांच्या तपासणीची चित्रणे इंटरनेटवर विकली जात असल्याचे उघड झाले. त्या बायकांची काय चूक? कॅमेरा दुसऱ्याने लावला, तो उघडा दुसऱ्याने ठेवला, आणि अब्रू गेली म्हणून लोक बोट दाखवणार त्यांच्याकडे. लाज वाटायची ती बेफिकीर मालकाला.

'आमच्याकडे लपवण्यासारखे काय आहे?' असे विचारणाऱ्यांना मी विचारतो, मग रात्री दाराला कडी का लावता? दुसऱ्याच्या घरात इजाजत घेतल्याशिवाय पाऊल ठेवू नये, हा सूरह नूरचा आदेश आपण मुलांना शिकवतो. मग अनोळखी माणसाला न विचारता आत डोकावायची सोय आपणच का करून ठेवतो?

९ एप्रिल २०२५पासून सरकारने नव्या कॅमेऱ्यांना सुरक्षा चाचणी सक्तीची केली. चांगले झाले. पण भिंतीवरच्या जुन्या कॅमेऱ्यांचे काय? ते काम आपलेच. पासवर्ड बदला, लांब आणि दुसरीकडे न वापरलेला ठेवा. बसवणाऱ्याचे खाते काढून टाका. राऊटरमधले पोर्ट फॉरवर्डिंग आणि यूपीएनपी बंद करा. सॉफ्टवेअर अद्ययावत ठेवा. आणि घराच्या राखणीसाठी कॅमेरा असेल तर त्याचे तोंड दाराबाहेर करा. जिथे बायका-मुले मोकळेपणी वावरतात तिथे तो नकोच.

खालांकडे हे सारे करायला आम्हांला अर्धा तासही लागला नाही. तुमच्या घरी, मशिदीत, मदरशात, दवाखान्यात कॅमेरा असेल तर आजच विचारा : याचा पासवर्ड कोणी बदलला, आणि कधी?