दुधाच्या कॅनमध्ये पुरलेला इतिहास आणि आपल्या मोबाईलमधलं युद्ध

युक्रेन, गाझा, सुदान. युद्धाचे व्हिडिओ रोज आपल्या मोबाईलवर येतात. त्यामुळे सगळा पुरावा आपोआप जपला जातोय, असं वाटू शकतं. पण पोस्ट करणं आणि जपून ठेवणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. हा फरक दुसऱ्या महायुद्धात एका इतिहासकाराने नेमका ओळखला होता.

कोण होते रिंगेलब्लूम?

इमॅन्युएल रिंगेलब्लूम हे पोलंडमधले ज्यू इतिहासकार. नोव्हेंबर 1940 मध्ये नाझींनी वॉर्सा शहरातल्या सुमारे चार लाख ज्यूंना भिंतीआड कोंडलं. या वस्तीला 'घेटो' म्हणतात. भूक आणि टायफसने रोज माणसं मरत होती. अशा वेळी रिंगेलब्लूम यांनी शिक्षक, लेखक, धर्मगुरू, समाजसेवक अशा अनेकांना जोडून एक गुप्त गट उभा केला. बैठका शनिवारी व्हायच्या, म्हणून गटाचं नाव 'ओनेग शब्बात', म्हणजे शब्बाथचा आनंद.

त्यांनी काय जमवलं?

डायऱ्या, पत्रं आणि मुलांचे शाळेतले निबंध. सोबत रेशनची कुपनं, ट्रामची तिकिटं, अगदी चॉकलेटचे कागदसुद्धा. लोक काय खातात, चोरटा व्यापार कसा चालतो, हेही लिहून घेतलं. घेटोतल्या ज्यू पोलिसांचा भ्रष्टाचारही त्यांनी लपवला नाही. ज्यूंचा इतिहास फक्त नाझींच्या कागदांवरून लिहिला जाऊ नये, यासाठी ही धडपड होती.

1942 च्या उन्हाळ्यात घेटोतल्या लोकांना ट्रेब्लिंका छळछावणीत नेऊन मारायला सुरुवात झाली. तेव्हा कागद पत्र्याच्या दहा पेट्यांत भरून एका शाळेच्या तळघरात पुरले गेले. 1943 मध्ये आणखी कागद दुधाच्या दोन कॅनमध्ये ठेवले. मार्च 1944 मध्ये रिंगेलब्लूम मारले गेले. गटातले मोजकेच लोक वाचले. त्यांनी दिलेल्या माहितीमुळे 1946 मध्ये पेट्या सापडल्या. दुधाचे कॅन 1950 मध्ये मिळाले. पेट्यांत पाणी शिरलं होतं, कॅनमधले कागद मात्र चांगले राहिले. आज ही सुमारे 35 हजार पानं वॉर्सात आहेत. 1999 मध्ये युनेस्कोने त्यांना जागतिक स्मृतीचा वारसा मानलं.

मग आज अडचण काय?

आज पुरावा खासगी कंपन्यांच्या हातात आहे. 2017 मध्ये यूट्यूबच्या स्वयंचलित यंत्रणेने सीरियन युद्धाचे हजारो व्हिडिओ 'हिंसक' ठरवून हटवले. त्यात अत्याचारांचे पुरावेही होते. त्याच वर्षी आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाने लिबियातल्या एका कमांडरविरुद्ध अटक वॉरंट काढलं, तेही प्रामुख्याने सोशल मीडियावरच्या व्हिडिओंच्या आधारे. म्हणजे डिलीट होणारा व्हिडिओ हा कोर्टातला साक्षीदार असू शकतो.

दुसरी अडचण ओळखीची. व्हॉट्सॲपवर नेहमीसारखा फॉरवर्ड होत आलेला व्हिडिओ कधीचा, कुठला, कुणी काढलेला, हे कळत नाही. मग जुन्या युद्धाची दृश्यं नव्या युद्धाच्या नावाने फिरतात, आणि खरा व्हिडिओसुद्धा खोटा म्हणून उडवून लावता येतो.

सीरियन आर्काइव्हसारख्या संस्था आज हेच काम करतात: मूळ फाइल उतरवून घेणं, तारीख आणि ठिकाण पडताळणं, प्रत वेगळ्या जागी ठेवणं. रिंगेलब्लूम यांचा गटही महत्त्वाच्या कागदांच्या एकाहून अधिक प्रती काढत होता. त्यांच्याकडे कॅमेरे मोजके होते, पण कोणता कागद कुणाचा, हे लिहून ठेवणारी माणसं होती. आज कॅमेरे कोट्यवधी आहेत. नोंद ठेवणारी माणसं मात्र अजूनही मोजकीच आहेत.