यंत्राने आवाज धरला, जपला कोणी?

‘फोनोग्राफचा शोध कोणी लावला?’ हा प्रश्न आमच्या शालेय परीक्षांतून पिढ्यानुपिढ्या विचारला गेला आहे, आणि ‘थॉमस एडिसन’ एवढे दोन शब्द लिहिणाऱ्यास त्याचा गुण मिळत आला आहे. संपादकाच्या खुर्चीवर बसण्यापूर्वी आम्ही काही वर्षे शिक्षकाचा व्यवसाय केला. त्या काळात ह्या उत्तरापुढे आम्हीही निःशंकपणे बरोबरची खूण केली. उत्तर चूक नव्हते; पण ते इतके आखूड होते की, त्या शोधाचे खरे मर्म त्यात मावतच नव्हते. एडिसनच्या यंत्रास २०२७ साली दीडशे वर्षे पूर्ण होतात. अशा प्रसंगी शोधकाच्या प्रतिभेची स्तोत्रे गाण्याची रीत आहे, आणि तिला आमची हरकत नाही. परंतु ह्या यंत्राच्या जन्मकथेत एक प्रश्न दडलेला आहे. तो फ्रान्स-अमेरिकेस जितका लागू आहे तितकाच आपल्यालाही आहे; म्हणून त्याचा विचार करणे आम्हांस अगत्याचे वाटते.

ही कथा एडिसनच्या वीस वर्षे आधी पॅरिस शहरात सुरू होते. एदुआर-लेओं स्कॉट द मार्तँव्हील हा तेथील एक मुद्रक. मजकूर जुळविणे आणि मुद्रिते तपासणे हा त्याचा उद्योग. लघुलेखनाच्या इतिहासावर त्याने एक ग्रंथही लिहिला होता. बोलणाऱ्याच्या जिभेबरोबर लेखणी धावू शकत नाही, ही अडचण त्याला चांगली ठाऊक होती. एका विज्ञानग्रंथाची मुद्रिते तपासताना मानवी कानाची आकृती त्याच्या दृष्टीस पडली आणि त्याच्या मनात आले की, कानाचा पडदा आवाजाने कंप पावत असेल, तर तसाच पडदा तयार करून त्याच्या कंपांनाच लिहावयास का लावू नये? त्याने एका मोठ्या कर्ण्याच्या टोकाशी पातळ पडदा ताणून बसविला, पडद्यास एक राठ केस चिकटविला, आणि काजळी धरलेला कागद नळकांड्यावर गुंडाळून ते नळकांडे त्या केसाखाली फिरविले. कर्ण्यात कोणी बोलले की काजळीवर नागमोडी रेघ उमटे. २५ मार्च १८५७ रोजी त्याने ह्या ‘फोनॉटोग्राफ’चे पेटंट घेतले. मात्र ही रेघ पुन्हा ऐकता यावी, असे स्कॉटच्या स्वप्नातही नव्हते. त्याला हवे होते ते स्वतः होऊन उमटणारे लेखन. लोकांनी ती रेघ डोळ्यांनी वाचावयास शिकावे, एवढीच त्याची अपेक्षा होती.

उमटलेल्या रेघेतून आवाज परत काढता येईल, हा विचार शार्ल क्रो ह्या फ्रेंच कवीस सुचला. ३० एप्रिल १८७७ रोजी त्याने आपली कल्पना लिहून मोहोरबंद पाकिटात फ्रेंच विज्ञान अकादमीच्या स्वाधीन केली. कवीजवळ कल्पना होती, कर्मशाळा नव्हती. अमेरिकेत मेन्लो पार्क येथे एडिसनजवळ कर्मशाळाही होती आणि जॉन क्रूसीसारखा निष्णात यंत्रकारही होता. त्याच वर्षीच्या डिसेंबरात क्रूसीने एडिसनच्या रेखाटनावरून यंत्र सिद्ध केले. मळसूत्री खाच पाडलेले पितळी नळकांडे, त्यावर गुंडाळलेला कथलाचा वर्ख, आणि पडद्यास जोडलेली बोथट सुई, एवढाच त्याचा संसार. बोलताना सुई वर्खावर कमी-अधिक खोल ठसे उमटवी. तेच ठसे दुसऱ्या सुईखालून फिरविले की दुसरा पडदा तसाच थरथरे, आणि यंत्र बोलू लागे. एडिसनने त्यात लहान मुलांचे एक बडबडगीत म्हटले आणि यंत्राने ते परत म्हणून दाखविले. जो मनुष्य स्वतः कानाने मंद होता, त्याच्याच हातून जगाला हा दुसरा कान मिळाला.

१९ फेब्रुवारी १८७८ रोजी पेटंट मिळाले आणि त्याच वर्षी एडिसनने ह्या यंत्राचे संभाव्य उपयोग एका नियतकालिकात मांडले. यादीत अग्रस्थान होते पत्रे सांगून लिहविण्यास, संगीतास नव्हे. अंधांसाठी बोलकी पुस्तके, वक्तृत्वाचे शिक्षण, भाषांच्या उच्चारांचे जतन, कुटुंबातील माणसांच्या बोलांचा आणि अखेरच्या शब्दांचा संग्रह हेही त्यात होते. यादी करून एडिसन विजेच्या दिव्याकडे वळला आणि जवळजवळ दहा वर्षे त्याने ह्या यंत्राकडे फारसे पाहिले नाही. कथलाचा वर्ख काही वेळा वाजविल्यावर झिजून जाई. पहिल्या दिवशी ज्यावर ते बडबडगीत उमटले तो वर्ख आज जगात नाही. आज एडिसनच्या आवाजात जे ऐकविले जाते, ते त्याने १९२७ साली सुवर्णमहोत्सवाच्या वेळी पुन्हा म्हटलेले आहे.

आणि स्कॉटची काजळी? ती मात्र शिल्लक आहे. त्याने आपले काही कागद विज्ञान अकादमीच्या स्वाधीन केले होते आणि अकादमीने ते सांभाळले. २००८ साली अमेरिकन संशोधकांनी त्यांतील ९ एप्रिल १८६० च्या कागदाची सूक्ष्म छायाचित्रे घेऊन संगणकाच्या साह्याने त्या रेघेचा पुन्हा आवाज केला, आणि एका फ्रेंच लोकगीताचे काही सूर जगाने ऐकले. प्रथम तो मुलीचा गळा वाटला. पुढे चूक उमगली. स्कॉटने वेगाचे माप म्हणून शेजारी नादकाट्याचीही रेघ उमटविली होती. परंतु त्या काळचे फ्रेंच शास्त्रज्ञ एका पूर्ण आंदोलनाची दोन अर्धी आंदोलने मोजीत. त्यामुळे वेग दुप्पट धरला गेला होता. तो निम्मा करताच गळा पुरुषाचा ठरला. बहुधा तो स्कॉटचाच असावा. १८७९ साली निवर्तलेला, आपल्या श्रमांचे श्रेय एडिसनने लाटले असे मानणारा, आणि आवाज ‘ऐकविणे’ हे आपले ध्येयच नव्हते असे बजावून सांगणारा तो मुद्रक एकशे अठ्ठेचाळीस वर्षांनी ऐकू आला! एडिसनचे यंत्र बोलके, पण त्याचा पहिला वर्ख हरपला. म्हणून तो क्षण आज मुका आहे. स्कॉटचे यंत्र मुके, पण त्याचा कागद कोणीतरी जपला. म्हणून तो आज बोलतो. आवाज धरणे हे यंत्राचे काम. तो जपणे हे माणसाचे, ह्याहून स्पष्ट प्रमाण कोणते हवे?

अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल ह्यांच्या प्रयोगशाळेची साक्षही अशीच आहे. तेथे चिचेस्टर बेल आणि चार्ल्स टेंटर ह्यांनी कथलाऐवजी मेण वापरले. ठसा दाबण्याऐवजी खाच कोरली, आणि १८८६ साली ‘ग्राफोफोन’चे पेटंट घेतले. पुढे हक्कांचा तंटा उद्भवल्यास पुरावा असावा, ह्या व्यवहारी हेतूने त्यांनी आपल्या प्रयोगांचे नमुने स्मिथसोनियन संस्थेत ठेवले. हेतू वकिली होता, पण त्याचे फळ सर्वांना मिळाले. १८८५ सालच्या एका तबकडीतून २०१३ साली ज्याने जगाला दूरध्वनी दिला त्याचाच ध्वनी परत मिळाला.

ह्यानंतरच्या टप्प्याकडे मात्र इतिहासकारांचे जेवढे लक्ष जाते तेवढे सामान्य रसिकांचे जात नाही. जर्मनीतून अमेरिकेत स्थायिक झालेल्या एमिल बर्लिनरने १८८७ साली नळकांडे सोडून सपाट तबकडी घेतली. त्याने जस्ताच्या तबकडीवर आडव्या हेलकाव्याची रेघ अम्लाने कोरली, तिच्यावरून धातूचा साचा केला, आणि त्या साच्यातून हव्या तितक्या प्रती छापल्या. पुढे ह्या प्रतींसाठी लाखेचे मिश्रण रूढ झाले, आणि ती लाख मुख्यतः हिंदुस्थानातील पळस-कुसुमांवरच्या किड्यांकडून जात असे. स्कॉट हा मुद्रक होता खरा, पण आवाजाचा छापखाना घातला तो बर्लिनरने. मात्र ह्या लाभाची एक किंमत होती. नळकांड्याच्या यंत्रात घरचा मनुष्य आपला आवाज भरूही शकत असे. ग्रामोफोन विकत घेणाऱ्याच्या वाट्यास केवळ ऐकणे आले. कोणाचा आवाज टिकावा, हे ठरविण्याचा अधिकार कंपनीच्या दप्तरात गेला, आणि दप्तराचा न्याय खपावर चालतो.

हा न्याय आपल्या देशात १९०२ साली येऊन पोचला. त्या वर्षीच्या नोव्हेंबरात फ्रेड गैसबर्ग ह्यांनी कलकत्त्यात गौहरजान ह्यांचे गाणे मुद्रित केले. सुमारे तीन मिनिटांत राग आटोपून त्या शेवटी इंग्रजीत स्वतःचे नाव सांगत. हॅनोव्हरच्या कारखान्यातील कारागिरांस ओळख पटावी, हा त्यातील हेतू सांगितला जातो. किर्लोस्कर मंडळीची सुभद्रा, भाऊराव कोल्हटकर, ह्याच्या पावणेदोन वर्षे आधी, फेब्रुवारी १९०१ मध्ये निवर्तले. ज्या गळ्याने महाराष्ट्रास वेड लावले, त्याचा एक सूरही आपणांजवळ नाही. आहेत त्या केवळ आठवणी. हे दुर्दैव म्हणून सोसता येते. पण भास्करबुवा बखले १९२२ साली गेले, तेव्हा यंत्र ह्या देशात येऊन वीस वर्षे झाली होती. त्यांचे शिष्य बालगंधर्व आणि मास्तर कृष्णराव घरोघर वाजले; गुरूची मात्र एकही ध्वनिमुद्रिका उपलब्ध नाही. अल्लादियाखाँसाहेब १९४६ पर्यंत होते. त्यांचीही तीच कथा. आपली विद्या तीन मिनिटांच्या तबकडीत बसवू नये असे एखाद्या कलावंतास वाटले, तर तो त्याचा अधिकार होय, आणि आम्ही तो मानतो. परंतु प्रत्येक रिकाम्या जागेचा दोष यंत्राच्या अभावास देण्याची सोय मात्र १९०२ नंतर उरत नाही.

ज्यांच्या आवाजास बाजारात भाव नव्हता, त्यांच्याकडे वळले ते अभ्यासक. १८९० साली जेसी वॉल्टर फ्यूक्स ह्यांनी अमेरिकेतील मेन प्रांतात पासामाक्वोडी लोकांची गाणी आणि कथा मेणाच्या नळकांड्यांवर घेतल्या; शतकाहून अधिक काळ लोटल्यावर त्या स्वच्छ करून त्याच लोकांच्या वंशजांस ऐकविण्यात आल्या. १८९९ साली व्हिएन्नास आणि १९०० साली बर्लिनला ध्वनिसंग्रहालये निघाली. आपल्याकडेही ग्रियर्सन ह्यांच्या भाषापाहणीस जोडून गेल्या शतकाच्या दुसऱ्या-तिसऱ्या दशकांत अनेक भाषा-बोलींच्या तबकड्या तयार झाल्या. पुढे हेमा राईरकर आणि गी प्वातव्हाँ ह्यांनी खेडोपाडीच्या स्त्रियांच्या जात्यावरच्या लाखाहून अधिक ओव्या गोळा केल्या, आणि त्यांतील काही ध्वनिमुद्रितही झाल्या. ह्यांपैकी एकाही प्रयत्नास धंद्याचे पाठबळ नव्हते. हे बोल मोलाचे आहेत असे कोणास तरी वाटले, एवढेच त्यांचे भांडवल.

आज परिस्थिती उलटली आहे. कर्णा, मेण, लाख, फीत ह्या सर्वांचे काम करणारे यंत्र प्रत्येकाच्या खिशात आहे. बर्लिनरच्या तबकडीने काढून घेतलेला अधिकार जनतेस परत मिळाला आहे. तरीही चित्र काय दिसते? आम्ही शिकवीत होतो त्या शाळेत वार्षिक व्याख्यानांच्या ध्वनिफितींचे एक कपाट होते. शाळेचे नाव सांगण्याचे प्रयोजन नाही. इमारतीच्या डागडुजीच्या वेळी ते कपाट रिकामे करण्यात आले, आणि फिती रद्दीबरोबर गेल्या. त्या दिवशी आम्ही तेथेच होतो, आणि आम्हीही काही बोललो नाही. तेव्हा हे लिहिताना दुसऱ्याकडे बोट दाखविण्याचा आमचा अधिकार बेताचाच आहे, हे आम्ही जाणतो. चुंबकीय फिती कालांतराने चिकट होतात, त्यांचा लेप सुटतो. लाखेची तबकडी पडली की फुटते. आणि खिशातील यंत्र बदलले की त्यातील आवाजही बहुधा त्याच्याबरोबर जातात. ‘सर्व काही साठविले आहे’ हा आजचा भ्रम कथलाच्या वर्खाहून फारसा टिकाऊ नाही.

ह्यात एक नवी अडचण निर्माण झाली आहे. मृत व्यक्तीच्या आवाजाची हुबेहूब नक्कल करून तिच्या तोंडी वाटेल ते घालण्याची किमया आता संगणकास साधली आहे. अशा काळात खरा आवाज कोणता हे सिद्ध करावयाचे असेल, तर तो कोणाचा, कोठला, कोणत्या दिवशीचा, आणि आजवर कोणाच्या ताब्यात होता, ह्याची नोंद आवाजाइतकीच मोलाची ठरते. गौहरजान शेवटी नाव सांगत. आपण घरच्या ध्वनिमुद्रणांस तेवढेही करीत नाही.

म्हणून आमचे सांगणे सरळ आहे. जुन्या नाट्यसंस्था, ग्रंथालये, महाविद्यालये आणि संगीत मंडळे ह्यांनी आपली कपाटे उघडावीत, काय आहे त्याची यादी करावी, आणि फिती-तबकड्यांच्या संगणकीय प्रती निदान दोन वेगवेगळ्या ठिकाणी ठेवाव्यात. विद्यापीठांनी आणि शासनाने मराठीच्या सर्व बोलींसाठी एक सार्वजनिक ध्वनिसंग्रह उभारून त्यास कायमचे वेतन आणि कायमची माणसे द्यावीत. उद्घाटनाची फीत कापली म्हणजे संग्रह चालतो, अशी समजूत नसावी. आणि आमच्या वाचकांनी ह्या रविवारी आपल्या घरातील सर्वांत वयोवृद्ध व्यक्तीजवळ बसावे, तिची अनुमती घ्यावी, तिला आठवत असेल ते बोलू द्यावे, आणि त्या मुद्रणाच्या आरंभी नाव, गाव व तारीख सांगावी. एडिसनने आपल्या यादीत लिहिलेला कौटुंबिक उपयोग पार पाडण्यास ह्याहून अधिक काही लागत नाही.

पॅरिसच्या अकादमीत काजळीचा तो कागद सांभाळणाऱ्या कारकुनांस त्यात काय आहे हे ठाऊक नव्हते. त्यांनी तो केवळ टाकून दिला नाही. दीडशे वर्षांच्या उत्सवात एडिसनबरोबर त्या अनाम कारकुनांचेही स्मरण व्हावे, आणि परीक्षेतील त्या प्रश्नाखाली आणखी एक प्रश्न यावा: आवाज धरणारे यंत्र एडिसनने दिले, तुमच्या गावचा आवाज कोणी जपला? त्याचे उत्तर देण्याची वेळ अजून गेलेली नाही.