संकलनाचे कर्तेपण

रोलां बार्त यांचा ‘लेखकाचा मृत्यू’ मराठी समीक्षेने कधीच पचवला आहे. संहितेचा अर्थ लेखकाच्या हेतूत शोधू नये, हे आता पदव्युत्तर वर्गातील विद्यार्थीही सांगतो. मात्र हीच समीक्षा चित्रपटाकडे वळली की तिला एकाएकी कर्ता आठवतो, आणि तो केवळ दिग्दर्शक असतो. साहित्यातून हद्दपार केलेल्या लेखकाला चित्रपटात सिंहासनावर बसवणे ही तात्त्विक भूमिका नव्हे, सोय आहे. तिची किंमत संकलकाने मोजली आहे.

अरुणा राजे यांची कारकीर्द या संदर्भात तपासण्यासारखी आहे. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये संकलनाचे शिक्षण घेतलेल्या राजे यांनी विकास देसाई यांच्यासह ‘अरुणा-विकास’ या जोडनावाने ‘शक’ (१९७६) आणि ‘गहराई’ (१९८०) हे चित्रपट दिग्दर्शित केले. साहित्याच्या अभ्यासकाला ‘गहराई’ आठवतो तो विजय तेंडुलकरांच्या पटकथेतील सहभागामुळे. ‘मासूम’ (१९८३) म्हटले की शेखर कपूर यांचे दिग्दर्शन आणि गुलजार यांचे लेखन समोर येते. त्याचे संकलन ‘अरुणा-विकास’ यांचे होते, हे श्रेयनामावलीतच राहते. पुढे राजे यांनी एकटीच्या नावाने ‘रिहाई’ (१९८८) केला. पुरुष रोजगारासाठी शहरात गेलेल्या गावातील स्त्रियांच्या इच्छेचा हा चित्रपट ‘धाडसी विषय’ या शेऱ्यातच अडकला. पण एखाद्या स्त्रीच्या चेहऱ्याकडे किती काळ पाहायचे आणि नजर कुठे तोडायची, हा संकलनाचा प्रश्न असतो, आणि ‘रिहाई’ची नैतिक भूमिका याच प्रश्नाशी निगडित आहे.

दिग्दर्शकाला कर्ता मानणारा सिद्धान्त ज्या फ्रान्समध्ये जन्मला, तेथेच त्याचे उत्तरही सापडते. एरिक रोमेर यांच्या चित्रपटांचे संकलन करणाऱ्या जॅकी रेनाल यांनी १९६८ मध्ये ‘दो फ्वा’ हा प्रायोगिक चित्रपट केला. त्यात त्या स्वतः कॅमेऱ्यासमोर आहेत. दृश्ये प्रदीर्घ चालतात, तीच कृती पुन्हा पुन्हा घडते. सराईत संकलक जेथे कात्री चालवील, तेथे रेनाल थांबतात. न कापणे हाही संकलकाचाच निर्णय असतो, हे त्यांनी कृतीने दाखवले.

संकलक दिग्दर्शकाच्या आज्ञेत असतो, असा आक्षेप येईल. पण दृश्याला अर्थ येतो तो शेजारच्या दृश्यामुळे. ते शेजार घडवणाऱ्याचा अर्थात वाटा असणारच. दिग्दर्शकाला उतरवून संकलकाला गादीवर बसवा, असे येथे म्हणणे नाही. गादीच नको, एवढेच म्हणणे आहे.

ही दृष्टी चित्रपटापुरती सदोष नाही. झाडीपट्टी रंगभूमीचे केंद्र असलेल्या वडशातून (देसाईगंज) निघणारी नाटके रात्रभर चालतात. प्रसंग, गाणे आणि नृत्य यांची जुळणी रात्रभर बसलेल्या प्रेक्षकाला जागे ठेवील अशी करावी लागते. समीक्षा मात्र लिखित संहिता मागते आणि ‘विस्कळीत’ असा शेरा मारून मोकळी होते. जोडकामाला निर्मिती न मानणारी ही समीक्षा ‘मासूम’ला आणि वडशाच्या नाटकाला एकाच तऱ्हेने अपुरी पडते. ‘हे कोणी रचले?’ या प्रश्नाबरोबर ‘हे कोणी जुळवले?’ असेही तिने विचारले पाहिजे; तोवर लेखकाच्या मृत्यूची तिची घोषणा अर्धवटच राहील.